मुदत संपलेला पहारेकरी

१ जून ते ३१ जुलै हे दोन महिने पश्चिम किनाऱ्यावर यांत्रिक होड्यांच्या मासेमारीला बंदी असते. दापोली तालुक्यातल्या हर्णे बंदरात या दिवसांत होड्या वर ओढून शाकारलेल्या असतात, मासळीचा लिलाव थांबलेला असतो आणि एरवी समुद्रावर असणारी माणसे कागदपत्रांच्या मागे लागलेली असतात. होडीची नोंदणी, परवान्याचे नूतनीकरण, किसान क्रेडिट कार्ड, मुलांचे दाखले, घरातल्या म्हाताऱ्यांचे आयुष्मान कार्ड. हे काम आता बहुतेक संगणकावरच होते. हा संगणक असतो झेरॉक्सच्या दुकानात किंवा ऑनलाइन अर्ज भरून देणाऱ्या केंद्रात. लहान दवाखान्यातला किंवा रक्त तपासणाऱ्या लॅबमधला संगणकही याच जातीचा. यंत्र एकच, त्यावर सगळा कारभार, आणि देखभालीला अधूनमधून येणारा एखादा जाणकार मुलगा.

अशा संगणकाच्या पडद्यावर कधी ना कधी एक चौकट उगवते : ‘आपल्या अँटिव्हायरसची चाचणी मुदत संपत आली आहे.’ नव्या संगणकाबरोबर आलेली ३० दिवसांची किंवा काही महिन्यांची मोफत मुदत सरलेली असते. पैसे भरायला कोणाकडे कार्ड नसते, कोणाला इंटरनेटवर कार्ड वापरायची धास्ती वाटते, तर बऱ्याच जणांना हा खर्चच अनाठायी वाटतो. मग कोणीतरी म्हणते, ‘पैसे कशाला भरताय? करून देतो ना!’ आणि मुदत चुकवण्याचा जुगाड केला जातो.

या जुगाडाने वर्षाला हजार-पाचशे रुपये वाचतात. पण त्यासाठी संगणकाचा पहारेकरी एक तर आंधळा केला जातो किंवा अनोळखी माणसाच्या हाती सोपवला जातो. आणि गंमत अशी की, जी गोष्ट फुकट मिळवण्यासाठी ही धडपड चालते, ती बहुतेक संगणकांत आधीपासून, अधिकृतपणे आणि फुकट बसवलेलीच असते.

रोजची लस

अँटिव्हायरस ही एकदा विकत घेऊन ठेवायची वस्तू आहे, असा समज आहे. प्रत्यक्षात तो प्रोग्रॅम म्हणजे केवळ सुई-सिरिंज. त्यात भरायची लस रोज नवी यावी लागते. फ्लूचा विषाणू रूप बदलतो म्हणून जागतिक आरोग्य संघटना फ्लूच्या लशीत कोणते प्रकार घ्यावेत याची शिफारस वर्षातून दोनदा, दोन गोलार्धांसाठी करते. संगणकांच्या दुनियेत हा वेग कितीतरी अधिक आहे. जर्मनीतील ‘एव्ही-टेस्ट’ ही संस्था दररोज साडेचार लाखांहून अधिक नव्या घातक व नकोशा प्रोग्रॅमची नोंद करते. ते सगळे मुळापासून नवे नसतात. जुन्यालाच थोडा वेश बदलून पाठवलेले असतात. पण काल ओळखू आलेला चेहरा आज ओळखू येऊ नये, एवढे त्याला पुरते.

म्हणून अँटिव्हायरस दिवसातून अनेकदा कंपनीच्या सर्व्हरकडून नवी माहिती मागवतो. संशयास्पद फाइल दिसली तर तिचा ठसा तिकडे पाठवून खातरजमा करतो. एखादा प्रोग्रॅम एकाएकी शेकडो फाइली बदलू लागला तर त्याला अडवतो. आपण पैसे भरतो ते या चालू सेवेचे. मुदत संपली की प्रोग्रॅम जागेवर राहतो, त्याचे चित्र कोपऱ्यात दिसत राहते, पण लशीचा पुरवठा थांबतो.

या धंद्याचा इतिहासही सांगण्याजोगा आहे. वैयक्तिक संगणकावर पसरलेला पहिला विषाणू म्हणून ओळखला जाणारा ‘ब्रेन’ १९८६ मध्ये लाहोरच्या बासित आणि अमजद फारूख अल्वी या भावांनी लिहिला. आपल्या वैद्यकीय सॉफ्टवेअरच्या चोरट्या प्रती कोण काढतो ते कळावे म्हणून तो केला, असे त्यांनी नंतर सांगितले. त्यात त्यांनी आपले नाव, पत्ता आणि फोन नंबरही घातला होता. चोरटी प्रत आणि विषाणू यांची सोबत इतकी जुनी आहे. पुढे नव्वदच्या दशकात पुण्यात कॅल्क्युलेटर दुरुस्तीपासून सुरुवात केलेल्या कैलास काटकर यांच्याकडे संगणक दुरुस्तीला येऊ लागले, तेव्हा त्यांतल्या अनेकांचा आजार यंत्राचा नसून विषाणूंचा असे. त्यांचे धाकटे बंधू संजय यांनी त्यावर प्रोग्रॅम लिहिले आणि त्यातून ‘क्विक हील’ उभे राहिले.

जुगाड कोणते आणि त्यात काय होते

मुदत चुकवण्याचे ढोबळमानाने चार प्रकार दिसतात.

पहिला, संगणकाचे घड्याळ मागे नेण्याचा. आजचे बहुतेक अँटिव्हायरस वेळ कंपनीच्या सर्व्हरकडूनच तपासतात, त्यामुळे हा उपाय बहुधा लागूच पडत नाही. मात्र त्याचा त्रास उरतो. बँकेच्या आणि सरकारी संकेतस्थळांची सुरक्षा प्रमाणपत्रे तारखेवर चालतात. घड्याळ चुकले की संकेतस्थळ उघडताना धोक्याच्या सूचना येतात आणि त्या न वाचता पुढे जायची सवय लागते. दवाखान्यात तर तारीख ही नोंदीचा कणा आहे. रक्ताच्या अहवालावर, बाळाच्या लसीकरणाच्या नोंदीवर, औषधाच्या बिलावर चुकीची तारीख पडली तर ती चूक संगणकापुरती राहत नाही.

दुसरा, प्रोग्रॅम काढून पुन्हा नव्या ई-मेलने टाकण्याचा किंवा मुदतीचा हिशेब पुसून टाकणारे एखादे साधन वापरण्याचा. कंपन्या यंत्राची खूण साठवून ठेवतात, म्हणून नुसते काढून टाकून भागत नाही. मग ती खूण पुसणारे साधन शोधले जाते. ते कोणी लिहिले, ठाऊक नसते. ते विंडोजच्या गाभ्यातल्या नोंदी बदलायची परवानगी मागते आणि वापरणारा ती देऊन मोकळा होतो.

तिसरा, इंटरनेटवर फिरणारी कोणाची तरी ‘की’ वापरण्याचा. एकच की हजारो संगणकांवर दिसू लागली की कंपनी ती बाद करते. मग अपडेट थांबतात. हे कधी थांबले याकडे वापरणाऱ्याचे लक्ष नसते, कारण आपल्याकडे अँटिव्हायरस आहे, असे त्याच्या मनाने घेतलेले असते.

चौथा आणि सर्वांत घातक प्रकार ‘क्रॅक’चा, म्हणजे परवाना तपासणारा भाग कापून काढलेल्या प्रतीचा. अशा फाइलीसोबत हमखास एक सूचना असते : ‘आधी अँटिव्हायरस बंद करा, तो उगाच धोका दाखवतो.’ अँटिव्हायरस बसवण्यासाठी अँटिव्हायरस बंद करायला सांगणारा माणूस आपल्या भल्याचा असेल का, एवढा प्रश्न स्वतःला विचारला तरी पुष्कळ अनर्थ टळतील.

चोरट्या खेळात किंवा चित्रपटाच्या फाइलीतही विषाणू असू शकतो. मग अँटिव्हायरसचा क्रॅक अधिक वाईट का? कारण अँटिव्हायरसला संगणकात सर्वांत वरचे अधिकार असतात. त्याला प्रत्येक फाइल उघडून पाहता येते, प्रत्येक प्रोग्रॅम थांबवता येतो. सुरक्षेचे सॉफ्टवेअर किती खोल बसलेले असते, हे जगाने १९ जुलै २०२४ रोजी पाहिले. ‘क्राउडस्ट्राइक’ कंपनीच्या एका सदोष अपडेटने, मायक्रोसॉफ्टच्या अंदाजानुसार, सुमारे ८५ लाख विंडोज संगणक बंद पडले आणि भारतातल्या विमानतळांवर प्रवाशांना हाताने लिहिलेले बोर्डिंग पास द्यावे लागले. ती प्रामाणिक कंपनीची चूक होती. तेच अधिकार अनोळखी माणसाने फेरफार केलेल्या प्रतीला देणे म्हणजे तिजोरीची किल्ली देऊन वर पत्ताही न विचारणे.

चोरट्या प्रतींतून काय येते, याचे नोंदलेले उदाहरण ‘क्रॅकोनॉश’चे आहे. जून २०२१ मध्ये ‘अवास्ट’च्या संशोधकांनी ते उघड केले. क्रॅक केलेल्या संगणकीय खेळांतून पसरलेला हा प्रोग्रॅम संगणक सेफ मोडमध्ये सुरू करायला लावी, तिथे पहारा कमी असताना अँटिव्हायरस काढून टाकी, विंडोजचे स्वतःचे संरक्षण बंद करी आणि मग गुपचूप मोनेरो हे आभासी चलन तयार करण्यासाठी यंत्र राबवी. जगभरात २ लाख २२ हजारांहून अधिक संगणक त्याने बाधित केले आणि करणाऱ्यांनी २० लाख डॉलरहून अधिक कमावले. ज्यांची यंत्रे राबली, त्यांना फक्त संगणक हळू झाल्याचे आणि पंखा घरघरत असल्याचे जाणवले असेल.

दुसरी जात ब्राउझरमध्ये जतन केलेले पासवर्ड उचलणाऱ्या प्रोग्रॅमची. ‘रेडलाइन’ हा त्यातला कुप्रसिद्ध नमुना. क्रॅक केलेले सॉफ्टवेअर हा त्याच्या प्रसाराचा एक नेहमीचा मार्ग होता. ऑक्टोबर २०२४ मध्ये नेदरलँड्सच्या पोलिसांनी इतर देशांच्या साथीने त्याची यंत्रणा मोडून काढली. अर्ज भरून देणाऱ्या केंद्राच्या संगणकावर असे काही बसले, तर पासवर्ड एका माणसाचे नव्हे, पंचक्रोशीचे जातात.

जागा असलेला झोपवला जातो

विंडोज १० आणि ११ मध्ये मायक्रोसॉफ्ट डिफेंडर हा अँटिव्हायरस मुळातच असतो. त्याला मुदत नाही, वेगळे पैसे नाहीत. दुसऱ्या कंपनीचा अँटिव्हायरस बसवला की तो आपणहून बाजूला होतो. दोन पहारेकरी एकमेकांच्या पायात येऊ नयेत म्हणून तशी योजना आहे. त्या दुसऱ्याची मुदत संपली किंवा तो काढून टाकला की डिफेंडर पुन्हा कामाला लागतो.

जुगाडाचा सर्वांत मोठा तोटा इथे आहे. मुदत संपूनही खोटेपणाने चालू ठेवलेला प्रोग्रॅम विंडोजला ‘मी जागा आहे’ असे सांगत राहू शकतो. मग डिफेंडर बाजूलाच राहतो. बाहेरच्याला अपडेट मिळत नाहीत आणि घरचा उठत नाही. काहीच केले नसते तर जो संगणक सुरक्षित राहिला असता, तो ही सगळी खटपट करून उघडा पडतो. सुवर्णदुर्गाचा तट कितीही भक्कम असो, पहाऱ्यावरचा माणूस फितूर किंवा झोपलेला असेल तर तटाचा काय उपयोग?

रुग्णाची माहिती परत घेता येत नाही

२३ नोव्हेंबर २०२२ च्या सकाळी दिल्लीच्या एम्स रुग्णालयातील संगणक यंत्रणा खंडणीखोर सॉफ्टवेअरच्या हल्ल्याने बंद पडली. नोंदणी, तपासण्यांचे अहवाल, दाखल-रजा हे सारे कित्येक दिवस कागदावर चालवावे लागले. पाच सर्व्हरवरील सुमारे १.३ टेराबाइट माहिती कुलूपबंद झाली, असे सरकारने संसदेत सांगितले. त्याआधी १२ मे २०१७ रोजी ‘वॉनाक्राय’ने इंग्लंडच्या सरकारी आरोग्य सेवेतील २३६ पैकी किमान ८१ ट्रस्टना फटका दिला आणि सुमारे १९ हजार रुग्णांच्या भेटी रद्द झाल्याचा अंदाज तिथल्या लेखापरीक्षकांनी मांडला. ज्या त्रुटीतून तो शिरला, तिच्यावरचा इलाज मायक्रोसॉफ्टने दोन महिने आधीच, मार्चमध्ये दिला होता. तो अनेक यंत्रांवर टाकलाच गेला नव्हता.

त्याच वर्षी २७ जूनला ‘नॉटपेट्या’ने हर्णेच्याच किनाऱ्याने वर गेल्यावर लागणाऱ्या उरणच्या जवाहरलाल नेहरू बंदरातील एक कंटेनर टर्मिनल ठप्प केले. हा प्रोग्रॅम युक्रेनमधील हिशेबाच्या एका सॉफ्टवेअरच्या अधिकृत अपडेटमधून पसरला होता. या तिन्ही घटनांचा चोरट्या अँटिव्हायरसशी संबंध नाही. पण त्या दोन गोष्टी शिकवतात. वेळेवर अपडेट न घेतलेले यंत्र सोपे सावज असते. आणि अधिकृत दारातूनही संकट येऊ शकते, तर मागच्या दारातून आपण स्वतः बोलावलेल्याचा भरवसा तो काय?

मोठ्या रुग्णालयात यंत्रणा पुन्हा उभी करायला तज्ज्ञांची फौज येते. गावातल्या लॅबच्या मदतीला कोणी येत नाही. पाच वर्षांचे अहवाल एका हार्ड डिस्कवर असतात. ती कुलूपबंद झाली की मधुमेह्याची मागची साखर, मूत्रपिंडाच्या रुग्णाचे क्रिअ‍ॅटिनिन कसे वाढत गेले, गरोदर बाईचे आधीचे हिमोग्लोबिन, सारे एका क्षणात नाहीसे होते. डॉक्टरला नव्याने, अंदाजाने सुरुवात करावी लागते. तपासण्या पुन्हा कराव्या लागतात आणि त्याचे पैसे रुग्णाच्या खिशातून जातात.

माहिती हरवण्यापेक्षा ती फुटणे अधिक वाईट. बँकेचा पासवर्ड चोरीला गेला तर बदलता येतो, एटीएम कार्ड बंद करता येते. एचआयव्हीचा अहवाल, क्षयरोगाची नोंद, मानसोपचाराची चिठ्ठी, एखाद्या मुलीची गर्भचाचणी, या गोष्टी एकदा बाहेर पडल्या की परत घेता येत नाहीत. जिथे सगळे एकमेकांना ओळखतात त्या गावात तर मुळीच नाही. रुग्णाने ती माहिती डॉक्टरवर विश्वास ठेवून दिलेली असते. संगणकाच्या कोपऱ्यातल्या क्रॅकवर नव्हे.

कायद्याची बाजूही आहे. कॉपीराइट कायद्याच्या कलम ६३ ब नुसार, संगणकीय प्रोग्रॅमची चोरटी प्रत जाणूनबुजून वापरणे हा गुन्हा आहे. त्याला किमान सात दिवस ते तीन वर्षे कैद आणि ५० हजार ते दोन लाख रुपये दंड अशी तरतूद आहे. धंद्यासाठी वापर नसेल तर न्यायालय कैद माफ करू शकते. पण दवाखाना, लॅब आणि सेवा केंद्र हा धंदाच आहे.

मग करायचे काय?

घरच्या वापरासाठी उत्तर सोपे आहे. चाचणी मुदत संपलेला अँटिव्हायरस विंडोजच्या सेटिंगमधून रीतसर काढून टाका आणि संगणक बंद करून पुन्हा सुरू करा. नंतर ‘विंडोज सिक्युरिटी’ उघडून डिफेंडर चालू असल्याची, त्यावर हिरवी खूण असल्याची खात्री करा. तिथेच ‘टॅम्पर प्रोटेक्शन’ चालू ठेवा. त्यामुळे दुसऱ्या प्रोग्रॅमला डिफेंडर परस्पर बंद करणे कठीण जाते. खंडणीखोर सॉफ्टवेअरपासून ठरावीक फोल्डर जपण्याची सोयही त्यातच आहे.

दुसऱ्या कंपनीचाच अँटिव्हायरस हवा असेल, तर काही कंपन्यांच्या कायमस्वरूपी मोफत आवृत्त्या मिळतात. त्या कंपनीच्या स्वतःच्या संकेतस्थळावरूनच घ्याव्यात. अटी वाचाव्यात, कारण अनेकदा त्या फक्त घरगुती वापरासाठी असतात. मोफतचीही किंमत असू शकते. वापरकर्त्यांच्या इंटरनेट वापराची माहिती विकल्याबद्दल अमेरिकेच्या व्यापार आयोगाने फेब्रुवारी २०२४ मध्ये ‘अवास्ट’ला १ कोटी ६५ लाख डॉलर भरायला लावले होते.

दवाखाना, लॅब, सेवा केंद्र यांनी रीतसर परवाना घ्यावा. तीन किंवा पाच संगणकांचा एकत्रित परवाना स्वस्त पडतो. तो ओळखीच्या दुकानातून खोक्यात, बिलासह घेता येतो. इंटरनेटवर कार्ड वापरायची गरज नाही. महिन्याच्या खर्चात तो एका साध्या रक्त तपासणीहून जड नसतो.

केंद्र सरकारच्या सर्ट-इन या संस्थेने फेब्रुवारी २०१७ मध्ये ‘सायबर स्वच्छता केंद्र’ सुरू केले. बाधित संगणक साफ करणारी साधने त्याच्या संकेतस्थळावर मोफत मिळतात. मोबाइलसाठी सी-डॅकचे ‘एम-कवच’ आहे.

विंडोज १० साठीचा नेहमीचा आधार १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपला आणि विंडोज ७ चा तर जानेवारी २०२० मध्येच. जुने यंत्र नव्या विंडोजला पेलत नसेल, तर अर्ज भरणे, ई-मेल आणि टंकलेखन यांसाठी उबुंटूसारखी मोफत लिनक्स प्रणाली टाकता येते. मात्र प्रिंटर, अंगठ्याचा स्कॅनर आणि लॅबचे यंत्र तिच्यावर चालते का, हे आधी पाहावे.

कोणताही अँटिव्हायरस शंभर टक्के नसतो. म्हणून दोन सवयी त्याहून मोलाच्या. रोजचे काम प्रशासकाच्या अधिकाराशिवायच्या साध्या खात्यातून करावे, म्हणजे चुकून चालवलेला प्रोग्रॅम खोलवर जात नाही. आणि माहितीची प्रत आठवड्यातून एकदा तरी वेगळ्या हार्ड डिस्कवर काढून ती डिस्क संगणकापासून सोडवून ठेवावी. जोडलेली डिस्क खंडणीखोर सॉफ्टवेअर सोबतच कुलूपबंद करते. एक प्रत दुसऱ्या इमारतीत असावी. ३ जून २०२० च्या निसर्ग वादळात छपरे उडालेल्या दापोली तालुक्याला याचे कारण समजावून सांगायला नको.

आधीच क्रॅक टाकला असेल तर

घाबरून काही होत नाही आणि लपवूनही नाही. प्रथम संगणकाचे इंटरनेट तोडावे. बँक, ई-मेल आणि सरकारी संकेतस्थळांचे पासवर्ड दुसऱ्या, स्वच्छ यंत्रावरून बदलावेत. त्याच संगणकावरून बदलले तर नवे पासवर्डही चोरालाच कळतील. कागदपत्रे आणि अहवाल तेवढे वेगळे काढावेत, प्रोग्रॅम नकोत. मग विंडोज मुळापासून नव्याने टाकून घ्यावे. नुसता क्रॅक काढून टाकणे पुरेसे नसते. तो सोबत काय ठेवून गेला ते दिसत नाही. वाचवलेल्या फाइली परत घेण्यापूर्वी तपासून घ्याव्यात.

पैसे गेले असतील तर वेळ न दवडता १९३० वर फोन करावा किंवा राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर तक्रार नोंदवावी. पहिल्या काही तासांत रक्कम वाटेतच गोठवता येण्याची शक्यता अधिक असते. फाइली कुलूपबंद झाल्या असतील तर खंडणी भरू नये. भरूनही माहिती परत मिळेल याची हमी नसते. युरोपोल, डच पोलीस आणि दोन अँटिव्हायरस कंपन्यांनी २०१६ मध्ये सुरू केलेल्या ‘नो मोअर रॅन्सम’ या मोफत उपक्रमात अनेक जातींच्या कुलपांच्या किल्ल्या उपलब्ध आहेत. तिथे आपली फाइल तपासून पाहावी.

संगणक दुरुस्त करून देणाऱ्या मुलाला दोष देऊन मात्र प्रश्न सुटणार नाही. तो गिऱ्हाइकाने मागितले तेच देतो. पुढच्या वेळी तो आला की त्याच्याकडे वेगळी मागणी करावी : मुदत वाढवून नको, डिफेंडर चालू कर, अपडेट घे आणि माहितीची एक प्रत काढून दे. अर्ध्या तासाचे काम आहे, आणि त्याची मजुरी आनंदाने द्यावी.